फोल्डरातला खेळ आणि दप्तरातला खेळ

मार्च महिना सरत आला, की नागपुरातील गांधीबागेच्या ठोक कापडबाजारात पेन ड्राइव्हांची ये-जा वाढते. छतापर्यंत रचलेल्या साड्यांच्या गठ्ठ्यांमधून कशीबशी वाट काढून गादीशेजारी बसविलेल्या संगणकावर वर्षभर जो जमाखर्च टॅली या हिशेबाच्या सॉफ्टवेअरात लिहिला गेला, त्याचा क्रमांकाचा फोल्डर उचलावा, पेन ड्राइव्हवर घालावा आणि सी.ए.च्या कचेरीत नेऊन तेथील टॅलीत उघडावा, हा शिरस्ता इथल्या हिशेबनिसांच्या इतका अंगवळणी पडला आहे, की त्यात काही तंत्र आहे असे त्यांना सांगितले तर ते हसतील. परंतु त्यांनी फोल्डर नेला, म्हणजे टॅली नेली असे होत नाही. खतावणी, रोजकीर्द, व्यापाऱ्यांची येणी-देणी हे सारे फोल्डराबरोबर चालत गेले खरे. पण टॅलीचा परवाना दुकानातल्या यंत्राशी बांधलेला असल्यामुळे तो जागचा हलला नाही. कोणती वस्तू चालते आणि कोणती बसून राहते, याचा हा भेद हिशेबाच्या सॉफ्टवेअरइतकाच खेळांच्या सॉफ्टवेअरलाही लागू आहे. आणि ज्या घरांतील वडील टॅलीचा फोल्डर नेतात, त्याच घरांतील मुले खेळाचा फोल्डर नेत असतात.

'अबे, इन्स्टॉल काहून करतो, फोल्डरच कॉपी मार ना,' हा सल्ला नागपुरातील कोणत्याही शाळकरी मंडळात ऐकू येईल. तो सल्ला नेहमी बरोबर असतो असे नाही, आणि नेहमी चूकही नसतो. तो केव्हा ग्राह्य धरावा आणि केव्हा टाळावा, याचा खुलासा करणे हा या लेखाचा हेतू आहे. प्रथम एक गोष्ट स्पष्ट करू. जाळ्यावर खेळल्या जाणाऱ्या खेळाचे दोन भाग असतात: एक सर्व्हरवर चालणारा, जो सामन्याचा निवाडा करतो, आणि दुसरा खेळाडूच्या यंत्रावर चालणारा, जो चित्र दाखवितो व बोटांच्या आज्ञा कळवितो. या दुसऱ्या भागास क्लायंट म्हणतात. मूळ निर्मात्याने दिलेल्या क्लायंटमध्ये इतरांनी फेरफार करून, कधी वेग वाढवून, कधी नवी दृश्ये वा नवे नियम घालून, जी आवृत्ती सिद्ध केलेली असते, ती सुधारित क्लायंट. अशा आवृत्त्या पुष्कळदा दोन रूपांत मिळतात: एक सेटअप चालवून यंत्रात रीतसर बसविण्याची, दुसरी झिप उघडून तिच्यातील फोल्डरातूनच थेट चालविण्याची. या दुसरीला पोर्टेबल म्हणतात.

या दोहोंतील खरा फरक सोयीचा नव्हे, लिहिण्याच्या जागेचा आहे. कोणताही खेळ चालू असताना सतत काही ना काही लिहीत असतो: खेळाडूचे नाव, कळांची मांडणी, पडद्याचा आकार, जिथवर मजल गेली तिथली नोंद, चुकांचा अहवाल. डॉसच्या काळात हे सारे बहुधा खेळाच्याच फोल्डरात लिहिले जाई. त्यामुळे त्या काळचे बरेचसे खेळ, कोणी तसा विचार न करताही, आपोआपच पोर्टेबल होते. 1992 साली विंडोज 3.1 बरोबर रजिस्ट्री नावाचे एक मध्यवर्ती दप्तर आले आणि 1995 च्या विंडोज 95 पासून ते दप्तर सर्व कारभाराचे केंद्र झाले. कोणता प्रोग्राम कुठे बसविला आहे, त्याच्या आवडीनिवडी काय, कोणती फाइल कोणाच्या अंमलाखाली उघडावी, याच्या नोंदी तेथे होऊ लागल्या. पुढे 2007 साली बाजारात आलेल्या व्हिस्टाने आणखी एक बंधन घातले: प्रोग्राम फाइल्स या फोल्डरात प्रशासकीय अधिकारावाचून कोणी लिहू नये. जुने खेळ तर तेथेच लिहिण्यास सोकावलेले. तेव्हा त्यांचे मन न मोडता विंडोजने त्यांचे लेखन परस्पर व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या एका आडबाजूच्या फोल्डरात वळविण्याची युक्ती केली. खेळास वाटावे आपण घरातच लिहितो आहोत, आणि लिखाण मात्र दुसऱ्याच्या माडीवर पडावे, अशी ती व्यवस्था होती. सेव्ह केलेला खेळ कुठे गेला म्हणून त्या वर्षांत किती जणांनी संगणक पालथे घातले असतील, याची कल्पनाच केलेली बरी.

या लिहिण्याच्या जागेचा प्रश्न प्रत्यक्षात कसा उभा राहतो, ते पाहण्यास काउंटर-स्ट्राइकसारखे उदाहरण नाही. हा खेळ मुळातच एक फेरफार होता. 1999 साली मिन्ह ली आणि जेस क्लिफ या दोघांनी व्हॉल्व्ह कंपनीच्या हाफ-लाइफ या खेळावर तो रचला, वर्षभरात कंपनीनेच तो विकत घेतला, आणि 2003 साली निघालेली 1.6 ही आवृत्ती देशातील इतर शहरांप्रमाणे नागपूरच्याही सायबर कॅफेंत घराघरांतल्या कॅरमइतकी रुळली. तिचा फोल्डर उघडून पाहिला तर रचना अगदी साधी दिसते. बाहेर मूळ प्रोग्राम, आत 'व्हॉल्व्ह' नावाचा हाफ-लाइफचा फोल्डर, आणि त्याच्या शेजारी 'सीस्ट्राइक' नावाचा फेरफाराचा फोल्डर. खेळाडूचे नाव, कळांची मांडणी, माउसचा वेग हे सारे या सीस्ट्राइकमधील कॉन्फिग नावाच्या एका साध्या मजकुराच्या फाइलीत असते, आणि ती नोटपॅडमध्येही वाचता येते. म्हणून फोल्डर कॉपी करून घरी आणला, की खेळ चालतो, नाव तेच राहते, कळा त्याच राहतात. मात्र खेळ उघडताच पडदा 640 बाय 480 असा आखूड, भसाडा होऊन समोर येतो. कारण पडद्याचा आकार कॉन्फिगमध्ये लिहिलेलाच नसतो; तो विंडोजच्या रजिस्ट्रीत, व्हॉल्व्हच्या नोंदीखाली, हाफ-लाइफच्या सेटिंग्जमध्ये असतो, आणि रजिस्ट्री ही त्या पहिल्या यंत्राजवळच राहिलेली असते. इतका चालता-फिरता खेळ, पण त्याचा एक पाय दप्तरात अडकलेला. मुले सेटिंग्जमध्ये जाऊन आकार पुन्हा नेमतात आणि पुढे चालू लागतात. का झाले, हे विचारण्याची गरज त्यांना भासत नाही.

कॅफेत फोल्डराची ही चाल अधिकच उपयोगी पडे, आणि त्याचे कारण कॅफेमालकाच्या सावधपणात होते. दिवसभर शेकडो हात लागणारे यंत्र नीट राहावे म्हणून पुष्कळ ठिकाणी डीप फ्रीझसारखे सॉफ्टवेअर बसविलेले असे; संगणक बंद करून पुन्हा चालू केला, की मध्यंतरी झालेले सर्व बदल पुसले जाऊन यंत्र पहिल्यासारखे निर्मळ होई. अशा यंत्रात एखाद्याने कष्टाने सेटअप चालवून काही बसविले, तर त्याचे आयुष्य पुढच्या रीस्टार्टपर्यंतचेच. पेन ड्राइव्हवरचा फोल्डर मात्र या शुद्धीकरणाच्या कक्षेबाहेर असल्यामुळे टिके. पेन ड्राइव्ह 2000 सालच्या आसपास बाजारात आले तेव्हा त्यांची क्षमता आठ मेगाबाइटांची, आणि त्यांत असा खेळ मावलाच नसता. ते स्वस्त झाले आणि फुगले, तेव्हाच ही चाल शक्य झाली. पुढे 2011 च्या केंद्रीय नियमांनी कॅफेचालकांवर ग्राहकाची ओळख पटविण्याची व वापराची नोंदवही वर्षभर जपण्याची जबाबदारी टाकली, स्मार्टफोन आले, आणि खेळांचा हा अड्डा हळूहळू उठला. त्या काळच्या कॅफेंतील खेळांच्या पुष्कळ प्रती परवान्याच्या नव्हत्या, हेही सांगून टाकलेले बरे. जुन्या आठवणींना गोडी असते म्हणून तेवढ्याने त्या कायदेशीर होत नाहीत.

आजच्या मुलांसाठी हाच प्रश्न माइनक्राफ्टच्या निमित्ताने येतो. स्वीडनच्या मोजांग कंपनीचा हा खेळ 2011 च्या नोव्हेंबरात पूर्णत्वास आला आणि 2014 साली मायक्रोसॉफ्टने ती कंपनी अडीच अब्ज डॉलरांस घेतली. याच्या जावा आवृत्तीवर फेरफारांचा, म्हणजे मॉडांचा, एवढा संसार उभा आहे, की नुसता मूळ खेळ खेळणारा मुलगा त्यांच्या मंडळात नवखा समजला जातो. मूळ लाँचर आपला सारा प्रपंच ॲपडेटा या एरवी लपविलेल्या फोल्डरात थाटतो, आणि निरनिराळ्या मॉडांचे निरनिराळे संच तेथे एकमेकांत मिसळून गोंधळ होतो. म्हणून इतरांनी रचलेले लाँचर निघाले. त्यांपैकी प्रिझम लाँचर हा आपल्या विषयाच्या दृष्टीने विशेष बोधप्रद आहे, कारण तो बसविण्याच्या आणि फोल्डरातून चालविण्याच्या अशा दोन्ही रूपांत मिळतो, आणि दोहोंतील अंतर अक्षरशः एका फाइलीचे आहे. काटेकोरपणे पाहता तो क्लायंट नव्हे, क्लायंट रचून चालविणारा कारभारी आहे. पण खेळाडूच्या दृष्टीने हा भेद शाब्दिकच ठरतो.

सेटअप चालविला, तर प्रिझम स्वतःस वापरकर्त्याच्या खात्यात बसवितो, स्टार्ट मेनूत आपले नाव घालतो, आणि खेळाचे संच, सेव्ह केलेली जगे, मॉड हे सारे ॲपडेटातील आपल्या फोल्डरात ठेवतो. झिप उघडली, तर तिच्यात 'पोर्टेबल' नावाची एक क्षुल्लक मजकूर-फाइल प्रोग्रामाच्या शेजारी पडलेली असते. लाँचर उघडताच प्रथम ती फाइल आहे की नाही हे पाहतो. असली तर तो ॲपडेटाकडे वळूनही पाहत नाही आणि सर्व लेखन आपल्याच फोल्डरात करतो. एवढ्याशा खुणेवर साऱ्या दप्तराचा ठिकाणा ठरतो. या रचनेचा लाभ उघड आहे. फेरफार केलेला खेळ बिघडण्याचा संभव मूळ खेळापेक्षा अधिक. तो बिघडला तर बिघाड एका फोल्डरात कोंडलेला राहतो, फोल्डर पुसला की प्रकरण मिटते, आणि मूळ खेळाच्या केसालाही धक्का लागत नाही. नवा मॉड घालण्यापूर्वी फोल्डराची एक प्रत करून ठेवावी, जमले नाही तर जुनी प्रत पुढे करावी, यापेक्षा सोपी विमा-योजना मला ठाऊक नाही.

परंतु त्या फोल्डरात आणखी एक फाइल असते, आणि तिच्याकडे मुलांचे तर राहोच, थोरांचेही लक्ष जात नाही. तिचे नाव अकाउंट्स. मायक्रोसॉफ्टच्या खात्याने एकदा प्रवेश केला, की पुन्हा पुन्हा पासवर्ड विचारावा लागू नये म्हणून लाँचर त्या खात्याचे टोकन, म्हणजे प्रवेशाचे चलन म्हणा, या फाइलीत उघड्या मजकुरात लिहून ठेवतो. बसविलेल्या आवृत्तीत ही फाइल वापरकर्त्याच्या खाजगी ॲपडेटात पडून असते आणि त्या विंडोज खात्याच्या पासवर्डामागे थोडी तरी झाकलेली राहते. पोर्टेबल आवृत्तीत ती फोल्डराबरोबर हिंडते. मित्राने मागितला म्हणून सजविलेला संच झिप करून देताना सबंध लाँचरचाच फोल्डर दिला, तर मॉडांबरोबर आपले खातेही दिले गेले. पेन ड्राइव्ह सीताबर्डीच्या बसमध्ये पडला, तरी तेच. सर्व काही एका ठिकाणी असण्याचा जो गुण आपण आताच वाखाणला, त्याचेच हे दुसरे अंग आहे. मित्रास द्यायचा असेल तर लाँचरमधील एक्स्पोर्टची सोय वापरून केवळ एक संच द्यावा, आणि फोल्डर दुसऱ्याच्या यंत्रावर नेण्यापूर्वी खात्यातून बाहेर पडावे.

पोर्टेबल आवृत्तीविषयीचा सर्वांत हट्टी गैरसमज असा, की ती यंत्रावर कोणतीही खूण ठेवत नाही, आणि म्हणून ती सुरक्षित. दोन्ही गोष्टी खऱ्या नाहीत. खेळाने काही लिहिले नाही तरी विंडोज स्वतः लिहीत असते: कोणता प्रोग्राम केव्हा चालला, कोणता पेन ड्राइव्ह केव्हा लागला, याच्या नोंदी दप्तरी राहतातच. आणि सुरक्षिततेचे म्हणाल, तर पोर्टेबलपणा हे प्रोग्रामच्या कर्त्याने पाळलेले एक पथ्य आहे. यंत्राने त्याच्याभोवती घातलेले कुंपण नव्हे. फोल्डरातून चालणारा प्रोग्रामही तो चालविणाऱ्याच्या सर्व अधिकारांनिशी चालतो, आणि त्याच्या मनात आले तर तो वाटेल तिथे लिहू शकतो.

याचा दाखला 2023 च्या जून महिन्यात मिळाला. माइनक्राफ्टचे मॉड जेथून सर्वजण निःशंक मनाने उतरवून घेतात, त्या कर्सफोर्ज व बुकिट या ठिकाणच्या काही मॉडांत फ्रॅक्चरायझर या नावाने पुढे ओळखला गेलेला उपद्रवी प्रोग्राम दडविला गेल्याचे उघडकीस आले. ज्याने असा मॉड आपल्या पोर्टेबल फोल्डरात घातला, त्याच्या फोल्डरात तो प्रोग्राम थांबला नाही. त्याने ॲपडेटात 'मायक्रोसॉफ्ट एज' असे भारदस्त नाव असलेला एक फोल्डर निर्माण केला आणि त्यात स्वतःस बसविले. खऱ्या एज ब्राउझरचा फोल्डर 'मायक्रोसॉफ्ट'च्या आत 'एज' असा दोन पायऱ्यांनी असतो. या तोतयाने ती दोन्ही नावे मध्ये एक मोकळी जागा सोडून एकाच फोल्डराला दिली होती, आणि तेवढ्याच फरकावरून तो ओळखू येई. यंत्र चालू होताच आपणही चालू व्हावे, अशी नोंद त्याने दप्तरात करून घेतली, खात्यांची टोकने व ब्राउझरमधील कुकी चोरल्या, आणि यंत्रावर सापडतील त्या इतर जावा फाइलींतही स्वतःचे बीज पेरले. पोर्टेबल फोल्डर पुसून टाकणाऱ्याला वाटले असेल प्रकरण मिटले. उपद्रव मात्र रीतसर इन्स्टॉल होऊन बसला होता.

तेव्हा बसविण्याच्या पद्धतीस जुनाट समजून नाके मुरडण्याचे कारण नाही. स्वतःच्या घरच्या, कायमच्या यंत्रावर ती पुष्कळदा अधिक सुखाची ठरते. लॅनवर मित्रांचा सामना भरविताना विंडोजची फायरवॉल प्रोग्रामाच्या संपूर्ण पत्त्यावरून परवानगीची नोंद करते. पेन ड्राइव्ह आज 'ई' म्हणून लागला आणि उद्या 'एफ' म्हणून, की काल दिलेली परवानगी आज निरुपयोगी होते, आणि यंत्राचा प्रशासक जवळ नसेल तर खेळ तिथेच अडतो. डेस्कटॉपवरचे शॉर्टकटही याच कारणाने आंधळे होतात. पेन ड्राइव्ह फॅट32 पद्धतीचा असेल, तर चार गिगाबाइटांहून मोठी एकही फाइल त्यावर चढत नाही, मग जागा कितीही रिकामी असो. घाईघाईने तो उपटून काढला, तर नेमकी त्या क्षणी लिहिली जाणारी सेव्ह फाइल अर्धवट राहून जग गमावण्याची पाळी येते. शिवाय फोल्डर स्वयंपूर्ण आहे असे आपण म्हणतो, ते मर्यादित अर्थानेच. माइनक्राफ्टच्या 1.16 पर्यंतच्या आवृत्त्यांना जावा 8 पुरते, 1.18 ला जावा 17 लागते, 1.20.5 ला जावा 21. आणि चित्र दाखविण्याचे काम शेवटी यंत्रातील ग्राफिक्स ड्रायव्हरच करतो, जो कोणत्याही झिपमध्ये घालून नेता येत नाही. काकांच्या कचेरीतील जुन्या संगणकावर फोल्डर उघडून, घरी चालते मग इथेच का नाही, असे विचारणाऱ्या पुतण्याला हेच उत्तर द्यावे लागते.

नव्या आवृत्त्यांची सूचना कोणी द्यावी, हाही एक नाजूक मुद्दा आहे. फेरफार करणाऱ्या मंडळ्या बहुधा स्वयंसेवकांच्या, आणि त्यांच्यात भाऊबंदकी होत नाही असे नाही. प्रिझमचा जन्मच अशा एका बखेड्यातून, 2022 च्या ऑक्टोबरात झाला: पॉलीएमसी नावाच्या पूर्वीच्या लाँचरच्या एका चालकाने इतर सहकाऱ्यांचे अधिकार एकाएकी काढून घेतले, आणि बाहेर पडलेल्यांनी प्रिझमची वेगळी चूल मांडली. प्रकल्पाच्या किल्ल्या रातोरात दुसऱ्याच्या हाती जाऊ शकतात, तेव्हा आपोआप अद्ययावत होणारी प्रत बाळगणाऱ्याने त्या किल्ल्या कोणाच्या कंबरेला आहेत, याचा अधूनमधून तपास ठेवावा.

कायद्याच्या बाबतीत आपल्याकडे सर्रास गोंधळ असतो. 1957 च्या स्वामित्वहक्क कायद्याच्या कलम 52 प्रमाणे, प्रोग्रामची प्रत कायदेशीररीत्या जवळ असणाऱ्यास ती ज्या कामासाठी घेतली त्या कामापुरती तिची प्रत वा रूपांतर करण्याची, तसेच नाश वा हानीपासून बचाव म्हणून राखीव प्रत ठेवण्याची मुभा आहे. ती मुभा स्वतःपुरती, वाटण्याची नव्हे. मोजांगच्या अटीही याच वळणाच्या आहेत: मॉड खुशाल रचा आणि वापरा, पण फेरफार करून सबंध खेळच दुसऱ्यास वाटू नका. म्हणूनच प्रिझमच्या झिपमध्ये माइनक्राफ्ट नसतो. लाँचर मूळ खेळ निर्मात्याच्या सर्व्हरवरून, विकत घेतलेल्या खात्याच्या जोरावर उतरवितो आणि मॉड त्यावर खेळाडूच्याच यंत्रात चढवितो. 'पोर्टेबल माइनक्राफ्ट, सर्व मॉडांसह, खाते नको' असे सांगून जी झिप हातोहात फिरते, तिच्यात या दोन्ही अटींचा भंग आहे, आणि आत आणखी काय घातले आहे, हे ती भरणाऱ्यावाचून कोणास सांगता यावयाचे नाही.

मोबाइलवर तर ही निवडच उरत नाही. अँड्रॉइडमध्ये फोल्डरातून चालणारा खेळ नाही. जी ती एपीके, म्हणजे ॲपची फाइल, बसवावीच लागते, आणि प्रत्येक एपीकेवर कर्त्याची डिजिटल सही असते. फेरफार केलेल्या एपीकेवर मूळ निर्मात्याची सही असणे शक्य नाही, म्हणून मूळ खेळाच्याच नावाने ती मूळ खेळावर चढविण्यास अँड्रॉइड नकार देते आणि आधी मूळ खेळ काढून टाकावा लागतो. तो काढताना, सर्व्हरवर जपलेले सोडून, फोनमधील त्याच्या खाजगी जागेतील सेव्ह व सेटिंग्ज सामान्यतः पुसल्या जातात. आणि पुढे कंटाळून मूळ खेळाकडे परतावे म्हटले, तर सही पुन्हा जुळत नसल्यामुळे फेरफाराची प्रतही तशीच समूळ काढावी लागते.